‘स्वतः’, ‘आम्ही’ आणि ‘मी’ : स्त्रियांच्या आत्मकथनांतील सर्वनामांचा विचार

रमाबाई रानडे यांचे ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ हे पुस्तक १९१० साली प्रसिद्ध झाले. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांचे निधन १९०१ मध्ये झाले होते. या पुस्तकात रमाबाई पतीचा उल्लेख नावाने करीत नाहीत. त्या काळच्या रीतीप्रमाणे तसे करणे शक्यही नव्हते. नावाच्या जागी त्यांनी एक वेगळाच शब्द योजला आहे, तो म्हणजे ‘स्वतः’. घरी येणारे, शिकविणारे, अबोला धरणारे ते ‘स्वतः’ असतात. १९३८ साली निघालेल्या इंग्रजी अनुवादाला ‘हिमसेल्फ’ हेच शीर्षक देण्यात आले, याचाही येथे विचार करावयास हवा. ‘मी’पणाचा निर्देश करणारा भाषेतील सर्वांत जवळचा शब्द आत्मकथनाच्या लेखिकेने दुसऱ्या व्यक्तीला देऊन टाकला आहे. मग तिच्याजवळ स्वतःसाठी कोणता शब्द उरला, हा प्रश्न प्रस्तुत लेखाच्या मुळाशी आहे.

तरुण स्त्रीच्या आत्मशोधाची कथा मराठीत शिकविली जाते ती बहुधा एका ठरलेल्या क्रमाने. प्रथम पतीच्या छायेतील स्त्री, नंतर सुधारणेच्या काळातील शिक्षित स्त्री, त्यानंतर बंडखोर स्त्री. ‘आम्ही’कडून ‘मी’कडे झालेला हा प्रवास म्हणजेच प्रगती, असे गृहीत धरले जाते. एम. ए.च्या वर्गात मीही अनेक वर्षे असेच शिकवीत आलो. मात्र ही पुस्तके पुन्हा वाचताना हा जिना मजबूत वाटेनासा झाला.

त्याचे एक कारण मराठीच्या व्याकरणात आहे. इंग्रजीतील प्रथमपुरुषी एकवचनाला लिंग नसते. प्रमाण मराठीत मात्र ‘मी’ला क्रियापद जोडताच बोलणारी व्यक्ती स्त्री की पुरुष हे पुष्कळदा उघड होते. ‘मी गेले’ म्हणणारी स्त्री त्या एका क्रियापदात स्वतःचे स्त्रीपण नोंदविते. (कोल्हापूरकडच्या बोलीत बायकाही ‘मी आलो’ म्हणतात, तो स्वतंत्र अभ्यासाचा विषय आहे.) अनेकवचनात मात्र हा भेद मावळतो, ‘आम्ही गेलो’ या वाक्यातून बोलणारा पुरुष आहे की स्त्री हे कळत नाही. म्हणून मराठी लेखिकेने ‘आम्ही’ लिहिले की ते कधी आच्छादन ठरते, तर कधी आसरा. पाश्चात्त्य आत्मचरित्र-मीमांसेतून उचललेल्या कसोट्यांना ही गोष्ट दिसत नाही.

रमाबाईंच्या शीर्षकातील ‘आमच्या’ हे प्रामुख्याने आच्छादन आहे. १८७३ मध्ये अकरा वर्षांच्या मुलीचा विवाह एकतीस वर्षांच्या विधुराशी झाला, तोही अशा पुरुषाशी की ज्याने विधवाविवाह करावा अशी सुधारकांची अपेक्षा होती. माहेरची यमुना सासरी रमा झाली. पती शिकवू पाहतो आणि घरातील वडीलधाऱ्या स्त्रिया त्या शिक्षणावरून टोचून बोलतात, या दुहेरी दडपणाचे तिने केलेले चित्रण आजही अस्वस्थ करते. पतीचा रोष पुष्कळदा शब्दांऐवजी मौनातून प्रकट होतो आणि ते मौन सहन न होऊन ती क्षमा मागते. हे प्रसंग रमाबाईंनी भक्तिभावाने सांगितले आहेत, हे मान्य करावेच लागेल. तरीही त्यांची निवड आणि मांडणी त्यांची स्वतःची आहे. शिस्त लावण्याची पतीची रीत इतक्या बारकाईने नोंदविणारी लेखिका केवळ सावली असू शकत नाही.

लक्ष्मीबाई टिळकांच्या ‘स्मृतिचित्रे’चे भाग १९३४ पासून प्रसिद्ध होऊ लागले. येथेही माहेरची मनकर्णिका सासरी लक्ष्मी होते. मात्र पतीकडे पाहण्याची हिची नजर सर्वस्वी निराळी आहे. नारायण वामन टिळकांचा विक्षिप्तपणा, विसराळूपणा, संताप ती हसत हसत सांगते. १८९५ मध्ये टिळकांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला तेव्हा ती त्यांच्यामागून गेली नाही. तिचा बाप्तिस्मा १९०० साली झाला. या मधल्या पाच वर्षांत तिच्या मनात जे घडले ते या पुस्तकाचे सर्वांत मोलाचे द्रव्य होय. सोवळ्याची सवय अंगात मुरलेली, पती दुरावलेला, मूल जवळ. अशा स्थितीत जाती माणसांनीच निर्माण केल्या, देवाने नव्हे, या निष्कर्षापर्यंत ती स्वतःच्या विचाराने पोहोचते आणि मगच कोणाच्याही हातचे खाण्यास सिद्ध होते. तिला कोणी उपदेश करून बदललेले नाही. शाळेचे शिक्षण न मिळालेल्या बाईचे हे ‘मी’ आहे आणि ते घराचा उंबरठा न ओलांडता घडलेले आहे. आत्मशोध म्हणजे गृहत्याग, हे समीकरण ‘स्मृतिचित्रे’पुढे टिकत नाही. पुढे पतीच्या निधनानंतर त्याचे अपुरे राहिलेले ‘ख्रिस्तायन’ हे काव्यही तिने हाती घेऊन पुढे नेले.

सर्वनामाइतकाच नावाचाही प्रश्न आहे आणि तो सर्वाधिक धारदार झाला आहे कुमुद पावडे यांच्या ‘अंतःस्फोट’ (१९८१) मध्ये. नागपूरच्या दलित कुटुंबातील ही मुलगी संस्कृत विषय घेऊन एम. ए. होते. भोवतालच्या जगाला प्रथम तिच्या धाडसाचे नवल वाटते, नंतर ते तिचे कौतुक करते. परंतु सोमकुवर या माहेरच्या आडनावाने प्राध्यापकीची नोकरी काही तिला मिळत नाही. आंतरजातीय विवाहानंतर पावडे हे आडनाव लागते आणि नोकरीचे दार उघडते. पदवी तीच, विद्वत्ता तीच. रमाबाई आणि लक्ष्मीबाई यांच्या बाबतीत विवाहाने स्त्रीचे नाव पुसले, एवढेच आपण म्हणत होतो. येथे नव्या नावाने तिला प्रवेश मिळवून दिला आणि तिच्या कर्तृत्वाचे श्रेय मात्र हिरावून घेतले. हा यशाचा अपमान कुमुदताईंनी ज्या संयमाने लिहिला आहे, त्याला तोड नाही. महाराष्ट्र शासनाच्या २०२४ मधील निर्णयानुसार १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचे नाव येऊ लागले आहे. तो निर्णय स्वागतार्हच आहे. पण शेवटी येणारे आडनाव जागच्या जागी असल्यामुळे ‘अंतःस्फोट’ने विचारलेला प्रश्नही तेथेच आहे.

मल्लिका अमर शेख यांच्या ‘मला उद्ध्वस्त व्हायचंय’ (१९८४) या आत्मकथनाचा उल्लेख ‘मी’चा सर्वांत मुक्त उद्गार म्हणून केला जातो. शीर्षकात ‘मी’ नाही, ‘मला’ आहे, इकडे सहसा लक्ष दिले जात नाही. मराठीत इच्छा, भूक, दुःख ही ‘मला’ होतात. तेथे व्यक्ती कर्तेपणाने उभी नसते, तिच्यावर काही ओढवत असते. नामदेव ढसाळांसारख्या क्रांतिकारक कवीच्या संसारातील हिंसा आणि एकाकीपण सांगणाऱ्या पुस्तकाला हे शीर्षक विलक्षण शोभते. पुस्तकाची घडण काही ठिकाणी विस्कळीत आहे, हा आक्षेप मला मान्य आहे. मात्र तो दोष या अनुभवाला फारसा बाधक वाटत नाही.

कादंबरीला आत्मकथनापेक्षा एक सवलत असते. ‘मी’ कल्पित असू शकते. ‘विभावरी शिरूरकर’ या टोपणनावाने १९३३-३४ मध्ये ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह आणि ‘हिंदोळ्यावर’ ही कादंबरी आली, तेव्हा समाजाला लेखनाइतकाच त्या नावामागच्या व्यक्तीचाही शोध घ्यावासा वाटला. मालतीबाई बेडेकरांना सत्य सांगण्यासाठी खोटे नाव घ्यावे लागले. सत्तर वर्षांनंतर कविता महाजन यांच्या ‘ब्र’ (२००५) या कादंबरीत हा प्रश्न वेगळ्या वाटेने येतो. पतीपासून दुरावलेली, मुलाच्या ओढीने व्याकूळ झालेली प्रफुल्ला स्वयंसेवी संस्थेच्या कामासाठी आदिवासी भागांत फिरते आणि त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीनंतर पंचायतींत निवडून आलेल्या स्त्रियांना भेटते. ब्र काढण्याची मुभा नसलेल्या बायकांचे बोलणे ऐकता ऐकता तिला स्वतःचे बोलणे सापडते. येथे ‘मी’ ही ‘आम्ही’च्या नंतरची पायरी नाही, इतरांच्या कहाण्यांमधून वाट काढीतच ती येते. कादंबरीत माहितीचा भार जाणवतो, तरीही ही जाणीव मराठी कादंबरीत नवी होती.

या संदर्भात बेबीताई कांबळे यांच्या ‘जिणं आमुचं’ (१९८६) या पुस्तकाचा विचार मुद्दाम शेवटी करीत आहे. त्यातील ‘आमुचं’ रमाबाईंच्या ‘आमच्या’हून पूर्णतः भिन्न आहे. ते महार समाजाचे, विशेषतः त्यातील स्त्रियांचे ‘आम्ही’ आहे. उपासमार, बाळंतपणे आणि सासुरवास यांचे वर्णन ते समूहाच्या वतीने करते. फलटणला किराणा दुकान चालविणाऱ्या या बाईने हे लेखन वर्षानुवर्षे घरच्यांपासून लपवून ठेवले होते. पुस्तकात तिचे ‘मी’ क्वचितच डोकावते. २००८ मध्ये आलेल्या इंग्रजी अनुवादाला माया पंडित यांनी घेतलेली मुलाखत जोडली आहे आणि त्या मुलाखतीत पतीने संशयावरून केलेल्या मारहाणीविषयी बेबीताई बोलतात. पुस्तकात जे आले नाही ते असे बावीस वर्षांनी, दुसऱ्या भाषेच्या आवृत्तीत आले. हे मौन म्हणजे अपुरे आत्मभान, असा निष्कर्ष काही अभ्यासक काढतील. मला तो घाईचा वाटतो. समाजाची अप्रतिष्ठा होईल असे काही परक्या वाचकाच्या हाती द्यायचे नाही, हाही एका जाणत्या लेखिकेचा निर्णय असू शकतो. त्याच वेळी, त्या निर्णयाची किंमत तिच्याच अंगावर उमटली होती, हेही विसरता येत नाही. यंदा वर्गात ‘जिणं आमुचं’ शिकविताना त्या मुलाखतीचा आशयही सांगितला. तो ऐकून एका विद्यार्थिनीने विचारले, “सर, मग बाईंनी हे पुस्तक नक्की कोणापासून लपवलं होतं?”