सुरतेची दप्तरे आणि आपले इतिहासलेखन

मराठी इतिहासग्रंथांत सुरत शहर बहुधा दोनदाच डोकावते: जानेवारी १६६४ मध्ये आणि ऑक्टोबर १६७० मध्ये. या दोन प्रसंगांचे वर्णन आपले लेखक ज्या साधनांवरून करतात, त्या साधनांची परीक्षा मात्र क्वचितच होते. वखारीचा कागद तेवढा प्रमाण आणि बखर म्हणजे भाकडकथा, असे मानणारा एक पक्ष आहे; परक्याचा कागद म्हणजे द्वेष आणि बखर म्हणजे निष्ठा, असे मानणारा दुसरा. कागद उलगडण्यापूर्वीच निकाल देण्याचा दोष दोन्ही पक्षांकडे सारखाच आहे, असे आम्हांस वाटते.

प्रथम वखारीचे दप्तर पाहू. इंग्रजांची वखार सुरतेस १६१३ पासून होती, आणि पश्चिम किनाऱ्यावरील त्यांचे मुख्य ठाणे १६८७ मध्ये मुंबईस गेले. वखारीचा अध्यक्ष व त्याचे मंडळ आपल्या बैठकांतील निर्णय नोंदीत, आल्यागेल्या पत्रांच्या नकला वह्यांत उतरवून घेत, आणि लंडनला जाणाऱ्या पत्राच्या एकाहून अधिक प्रती निरनिराळ्या जहाजांनी रवाना करीत. एक जहाज बुडाले तरी मजकूर पोहोचावा, हा त्यातला हेतू. हे सारे इतिहासासाठी नव्हते. दूरच्या धन्याला जाब देण्यासाठी होते. त्या धाकामुळेच कागद टिकले. १८८७ साली फॉरेस्ट यांनी मुंबई सरकारच्या दप्तरातील वेचे छापले, १९०६ पासून फॉस्टर यांनी वखारींच्या पत्रव्यवहाराचे खंड काढले, आणि पुण्याच्या शिवचरित्र कार्यालयाने १९३१ साली शिवाजीमहाराजांविषयीचे इंग्रजी कागद एकत्र करून अभ्यासकांवर मोठे उपकार केले.

परंतु जाब देणारा मनुष्य आपली बाजूही मांडीत असतो. १६६४ च्या प्रसंगी सुभेदार इनायतखान किल्ल्यात जाऊन बसला आणि अध्यक्ष ऑक्झिंडेन याने वखार राखली, हे खरे. त्याबद्दल कंपनीने त्यास सुवर्णपदक दिले व बादशहाकडून इंग्रजांना जकातीत सवलत मिळाली, हेही खरे. मग त्या दिवसांची हकीकत ज्या लेखणीतून उतरली, ती पारितोषिकाच्या आशेपासून अगदी अलिप्त होती काय? दिवस, वार, माणसांची ये-जा यांविषयी ते कागद भरवशाचे आहेत; स्वतःच्या शौर्याविषयी व इतरांच्या भ्याडपणाविषयी ते पारखूनच घ्यावे लागतात. त्याच वखारीतील धर्मोपदेशक एस्कॅलिएट याने इंग्लंडातील सर टॉमस ब्राउन यांस लिहिलेले खाजगी पत्र शेजारी ठेवले, म्हणजे कचेरीचा सूर आणि घरगुती सूर यांतील अंतर ध्यानी येते. तारखांचेही तसेच. इंग्रजांचे वर्ष तेव्हा २५ मार्चला बदले, म्हणून १६६४ च्या जानेवारीवर त्यांच्या कागदांत १६६३ चा आकडा आढळतो. शिवाय त्यांची पंचांगगणना आजच्यापेक्षा दहा दिवस मागे होती. हे न सांगता तारीख पाठ करवणे म्हणजे अचूकपणाचा केवळ आभास होय.

सभासदाची बखर याहून निराळ्या गरजेतून जन्मली. सुरतेच्या पहिल्या स्वारीनंतर सुमारे तीस वर्षांनी, जिंजीस मोगलांचा वेढा असताना, राजाराममहाराजांच्या आज्ञेवरून ती लिहिली गेली. संकटात सापडलेल्या पुत्राने पित्याचे चरित्र विचारले, त्याचे ते उत्तर आहे. तिच्यात बिनचूक तारीख शोधणे व्यर्थ; पण राज्यकर्त्यांच्या मंडळीस कोणती गोष्ट स्मरणीय वाटली, हे तिच्याइतके स्पष्ट कोणती वखार सांगेल?

या दोहोंत खुद्द शहराचा आवाज नाही. वीरजी व्होरा आणि हाजी जाहिद बेग या धनाढ्य व्यापाऱ्यांची घरे लुटली गेली, हे आपण जाणतो ते परक्यांच्या लेखणीतून; त्यांच्या स्वतःच्या खातेवह्या आपणांपुढे बोलत नाहीत. सुरतेचे कवी नर्मद यांनी १८६५ च्या सुमारास आपल्या शहराची हकीकत गुजरातीत लिहिली. शहरात जन्मलेला मनुष्य त्याच घटनेकडे कसा पाहतो, हे समजण्यासाठी मराठी अभ्यासकाने ती वाचलीच पाहिजे. दुसरी उणीव आपल्याच घरची आहे. सुरतेशी मराठ्यांचा संबंध दोन स्वाऱ्यांनी संपला नाही. पुढे चौथाईचा अंमल आला, भोवतालच्या अठ्ठाविशी परगण्यांत गायकवाडांचा वसूल आला. १७५९ मध्ये इंग्रजांनी किल्ला घेतला, १८०० मध्ये कारभार घेतला, आणि १८०२ च्या वसईच्या तहाने पेशव्यांनी सुरतेवरील हक्क सोडला. लुटीचे पान आपण पाठ केले, वसुलाची पाने चाळलीसुद्धा नाहीत. राज्याचा खरा स्वभाव मात्र वसुलाच्या पानांत अधिक दिसतो.

हा केवळ विद्वानांचा वाद नव्हे. कडोदऱ्यासारख्या सुरतेलगतच्या गावी खानदेशातून पोटासाठी आलेल्या मराठी कुटुंबांची मुले गुजराती मुलांच्या शेजारी वाढतात. एकाच्या घरी जो पराक्रम, तो दुसऱ्याच्या घरी आपल्या शहरावरचा घाला. अशा वर्गात शिक्षकाने कोणता इतिहास सांगावा? एकाची समजूत घालण्यासाठी सत्य पातळ करावे, असे आम्ही म्हणणार नाही. वखारीचे पत्र, बखर आणि नर्मदांची हकीकत ही तिन्ही मुलांपुढे ठेवावीत, आणि प्रत्येकास तीन प्रश्न विचारावेत: कोणी लिहिले, कोणासाठी लिहिले, आणि कशाचे उत्तर म्हणून लिहिले? हे प्रश्न विचारण्याची सवय ज्यास लागली, तो आपल्या पूर्वजांचा अभिमानही डोळसपणे बाळगील आणि शेजाऱ्याच्या दुःखासही खोटे म्हणणार नाही. मराठी इतिहाससमीक्षेने शाळेला एवढे दिले तरी पुष्कळ झाले.