‘रीबर्थ’ : एका संगणकीय प्रतिमानाचा वारसा

खडकवासला येथील केंद्रीय जल आणि विद्युत संशोधन केंद्रात नद्यांची, धरणांची व बंदरांची लहान प्रतिमाने बांधून पाण्याच्या वर्तनाचा अभ्यास केला जातो. अशा प्रतिमानात मूळ वस्तूचे सर्वच गुण एकदम उतरत नाहीत. उघड्या प्रवाहाच्या प्रतिमानात जडत्व व गुरुत्व यांचे प्रमाण सांभाळावे, तर पाणी तेच राहिल्याने श्यानतेचे प्रमाण सुटते. अभियंत्यास ही त्रुटी ठाऊक असते व निष्कर्ष काढताना तो तिची वजावट करतो. संगीतातील संगणकीय प्रतिमानांच्या बाबतीत अशी वजावट होते काय, हा प्रश्न ‘रीबर्थ आरबी-३३८’ या आज्ञावलीच्या निमित्ताने विचारात घेण्याजोगा आहे.

स्टॉकहोमच्या प्रॉपेलरहेड या संस्थेने १९९७ मध्ये ही आज्ञावली प्रसिद्ध केली. जपानच्या रोलँड कंपनीची टीबी-३०३ ही दोन मंद्रस्वरयंत्रे व टीआर-८०८ हे तालयंत्र तिने संगणकाच्या पडद्यावर उभे केले. १९९८ च्या आवृत्तीत टीआर-९०९ ची भर पडली. महागड्या यंत्रसामग्रीवाचून संपूर्ण रचना संगणकावर घडविता येते, हे तिने सामान्य संगीतकाराच्या प्रत्ययास आणून दिले. त्याच संस्थेची २००० मधील ‘रीझन’ ही विस्तृत आज्ञावली याच वाटेने पुढे गेली. एवढा वारसा निर्विवाद होय.

तथापि ‘रीबर्थ’ने मूळ यंत्राच्या ध्वनीइतकेच त्याचे व्याकरणही जतन केले, याकडे सहसा लक्ष जात नाही. सोळा घरांची एक ओळ. प्रत्येक घरात एक स्वर अथवा विराम. स्वरावर आघात आहे किंवा नाही. तो पुढील स्वराकडे सरकतो किंवा नाही. आघात व सरक हे दोन्ही केवळ ‘आहे’ आणि ‘नाही’ या दोन पक्षांचे विरोध आहेत. सरकण्याचा काळही ठरलेलाच.

या व्याकरणाची कसोटी मुंबईत आधीच लागली होती. चित्रपटसंगीतातील वादक चरणजित सिंग यांनी १९८२ मध्ये टीबी-३०३, टीआर-८०८ व ज्युपिटर-८ यांवर दहा रागांची ध्वनिमुद्रिका केली. २०१० मध्ये ती पुन्हा निघाली, तेव्हा शिकागोच्या १९८७ मधील ‘ॲसिड हाउस’चे पूर्वरूप म्हणून तिची चर्चा झाली. परंतु कालक्रमाच्या या वादापेक्षा तिची रचना अधिक उद्‌बोधक आहे. पुनरावृत्त साथ ३०३ कडे सोपवून सिंग यांनी मुख्य स्वरवाक्ये ज्युपिटरच्या पट्ट्यांवर हाताने वाजविली. रागाचा सांगाडा सोळा घरांत बसतो. मींडेचे वळण, तिचा कमीअधिक काळ बसत नाही. ही वजावट सिंग यांच्या वाद्ययोजनेतच दिसते.

लिपी बोलण्यातील हेल नोंदवीत नाही. पण बोलणारा समाज भोवती असल्याने हेल लोपत नाही. ज्याने केवळ लिपीवरून भाषा शिकली, त्याची गोष्ट निराळी. पडद्यावरील घरांतच ज्याची संगीताशी प्रथम भेट होते, त्या विद्यार्थ्यास मींड ही कळ दाबून चालू करावयाची वस्तू वाटली, तर दोष त्याचा नव्हे.

‘रीबर्थ’चा विकास २००५ मध्ये थांबला, २०१० ची आयफोनसाठीची आवृत्ती रोलँडच्या हरकतीनंतर २०१७ मध्ये मागे घ्यावी लागली. आज्ञावली मागे पडली, परंतु सोळा घरांचे व्याकरण पुढील असंख्य साधनांत रूढ झाले आहे. त्याची उपयुक्तता नाकारण्याचे कारण नाही. ते शिकविताना त्यात काय मावत नाही, तेही शिकविले पाहिजे.