काळदर्शक यंत्र आणि साक्षीचे मोल

गतकाळातील हवा तो प्रसंग डोळ्यांपुढे उभा करणारे यंत्र हाती आले तर? विज्ञानकथाकारांना ही कल्पना फार प्रिय आहे. ती कथेपुरतीच राहती, तर या पत्रिकेतून तिचा परामर्श घेण्याचे प्रयोजन नव्हते. परंतु २ मे १९७२ च्या 'दोमेनिका देल कोरिएरे' या इटालियन साप्ताहिकात व्हेनिस येथील बेनेडिक्टाईन धर्मगुरू पेलेग्रीनो एर्नेत्ती यांचा दावा प्रसिद्ध झाला. आपण व काही शास्त्रज्ञांनी असे यंत्र बनविले असून त्यातून ख्रिस्ताचे दुःखसहनही पाहिले, असे त्यांचे म्हणणे होते. सोबत क्रूसावरील ख्रिस्तमुखाचे एक छायाचित्र होते. पुढे ते छायाचित्र इटलीतील कोल्लेवालेंझा येथील तीर्थमंदिरातल्या कोरीव क्रूसमूर्तीच्या मुखाशी तंतोतंत जुळत असल्याचे आढळले. यंत्र तर कोणासही दाखविण्यात आले नाही. १९९४ मध्ये एर्नेत्ती निवर्तले. आख्यायिका मात्र अद्याप फिरते आहे, आणि ती एखाद्या प्रवचनात 'पुरावा' म्हणून शिरण्याचा धोकाही तेवढाच आहे.

या कल्पनेत शास्त्राचा अंश मुळीच नाही, असे नव्हे. दुर्बिणीतून पाहणारा नेहमी भूतकाळच पाहतो. सूर्याचा प्रकाश आपल्यापर्यंत येण्यास सुमारे आठ मिनिटे लागतात, तर देवयानी दीर्घिकेचा प्रकाश सुमारे पंचवीस लाख वर्षांपूर्वी निघालेला असतो. परंतु हा भूतकाळ दूरच्या तारकांचा होय, आपला नव्हे. कालवरीवरून निघालेला प्रकाश केव्हाच अंतराळात गेला. त्यास गाठावयाचे तर प्रकाशापेक्षा वेगाने धावावे लागेल, आणि तसे धावणे कोणास शक्य नाही.

या विषयावरील कथांत आयझॅक आसिमोव्ह यांची 'द डेड पास्ट' (१९५६) ही कथा विचारार्ह आहे. पॉटर्ली नामक इतिहासाचा प्राध्यापक कार्थेजवासी बालकांना अग्नीत बळी देत नव्हते, हे सिद्ध करण्यासाठी काळदर्शक यंत्र मागतो. त्याची स्वतःची लहान मुलगी आगीत दगावली आहे. त्या आगीस आपणच तर कारण झालो नाही ना, ही शंका त्याच्या अंतर्यामी सलते आहे. यंत्र शतकभरापलीकडचे पाहू शकत नाही, हे पुढे उघड होते. परंतु त्याच्या पत्नीस कार्थेज नकोच असते. तिला आपले लेकरू पुन्हा पाहावयाचे असते. मग ती माऊली त्या पडद्यापुढून कधी उठेल काय? गतकाळाच्या ओढीमागे पुष्कळदा जिज्ञासा नसून शोक आणि अपराधभावना असते, हे लेखकाने अचूक हेरले आहे. कथेचे खरे बळ येथेच आहे. तिचे उणेही येथेच आहे. कालचा क्षणही भूतकाळच असल्याने आता कोणाचेच खासगी जीवन सुरक्षित राहणार नाही, या भयाकडे कथा वळते आणि त्या मातेला वाटेतच सोडून देते. पाळकाचे कार्य नेमके तेथून सुरू होते. मृत बालकाचे चित्र न्याहाळीत बसणे म्हणजे सांत्वन नव्हे; पुनरुत्थानाची आशा मागे नव्हे, पुढे पाहावयास शिकविते.

पाहिले म्हणजे विश्वास बसतो, हे गृहीतही तपासून पाहिले पाहिजे. १९१०-११ च्या सुमारास दादासाहेब फाळके यांनी मुंबईत ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहिला. ते अत्यंत प्रभावित झाले. परंतु पडद्यावर ख्रिस्त दिसत असता त्यांच्या मनश्चक्षूंपुढे श्रीकृष्ण आणि श्रीराम उभे राहिले, असे त्यांनीच पुढे लिहिले आहे. त्यातूनच १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' जन्मास आला. यात फाळक्यांचा दोष नाही. अंतःकरणात जे असते तेच डोळा पाहतो. प्रत्यक्ष कालवरीवर तरी काय घडले? तेच दृश्य पाहून जाणारेयेणारे निंदा करीत होते, शिपाई वस्त्रांसाठी चिठ्ठ्या टाकीत होते, आणि शताधिपतीच्या मुखातून मात्र कबुली निघाली.

मग सत्य कळावे कसे? उत्तरासाठी बारडोलीचे स्मरण उपयुक्त ठरेल. तेथे सरकारने सारा सुमारे २२ टक्क्यांनी वाढविला आणि १९२८ मध्ये वल्लभभाई पटेलांच्या नेतृत्वाखाली शेतकऱ्यांनी सत्याग्रह केला. जप्त्या सोसल्या, जमिनी गमावण्याची तयारी ठेवली. पुढे ब्रूमफील्ड व मॅक्सवेल या दोन अधिकाऱ्यांनी गावोगाव जाऊन लोकांचे म्हणणे ऐकले, कागदावरील आकडे त्याच्याशी ताडून पाहिले आणि वाढ ६.०३ टक्केच न्याय्य ठरविली. कोणी भूतकाळ पाहिला नव्हता. झाले ते इतकेच की, ज्यांनी सोसले त्यांची साक्ष ऐकली गेली, पारखली गेली आणि ग्राह्य ठरली.

शुभवर्तमानांची रीतही हीच आहे. प्रभूचा चेहरा कसा होता हे एकाही शुभवर्तमानकाराने लिहिलेले नाही. पुनरुत्थानाचा प्रत्यक्ष क्षणही कोणी वर्णिलेला नाही. आहे ती रिकामी कबर, भेटलेला प्रभू आणि त्यासाठी प्राण देण्यास सिद्ध झालेली माणसे. 'साक्षीदार' या अर्थाचा 'मार्तुस' हा ग्रीक शब्दच पुढे मंडळीत हुतात्म्यासाठी रूढ झाला, हे अर्थपूर्ण आहे. यंत्राला किंमत मोजावी लागत नाही. साक्षीदाराला ती मोजावी लागते. थोमालाही प्रभूने नाकारले नाही, पण न पाहता विश्वास ठेवणाऱ्यांना त्याने धन्य म्हटले.

म्हणून खेड्यापाड्यांत वचन सांगणाऱ्या आपल्या प्रबोधकांनी असल्या छायाचित्रांचा आधार घेऊ नये. खोटा पुरावा उघडा पडतो तेव्हा त्यासोबत खऱ्या वचनावरचा विश्वासही डळमळतो. आणि एखादी शोकाकुल माता आपल्या लेकराला पुन्हा पाहू इच्छील, तेव्हा तिला कोणत्याही पडद्याची गोष्ट न सांगता तिच्याजवळ बसावे. जो मरणातून उठला त्याची साक्ष तेथे आपल्या बसण्यातूनच द्यावयाची आहे.