बालवाङ्मयांतील कालमापन

मुलांसाठीं लिहिलेल्या पुस्तकांचें परीक्षण करण्याचा प्रघात आपल्याकडे फारसा नाहीं. काव्य, नाटक, कादंबरी यांच्या गुणदोषांवर मासिकांचीं पुष्कळ पानें खर्ची पडतात. परंतु सात-आठ वर्षांच्या मुलाच्या हातीं जाणाऱ्या चाळीस पानांच्या पुस्तकाविषयीं कोणी चार ओळी लिहिल्याचें क्वचितच आढळतें. अशा पुस्तकांत मतभेदास जागा ती काय असणार, अशी विद्वानांची समजूत असावी. घड्याळांत तीन वाजले म्हणजे तीन वाजले. टीकाकारानें त्यांत पाहावयाचें काय? आमचीही समजूत परवांपरवांपर्यंत अशीच होती. ती दूर होण्यास आमच्या धाकट्या बंधूंची कन्या कारण झाली. तिनें एके दिवशीं विचारलें, "काका, माझा वाढदिवस दरवर्षीं त्याच तारखेला येतो, मग गणपति कां हलतात?" आम्हीं 'चंद्रामुळें' असें एका शब्दांत उत्तर दिलें. "मग संक्रांत कां नाहीं हलत?" या पुढच्या प्रश्नास मात्र कामाचें निमित्त सांगून आम्हीं वेळ मारून नेली. आयुष्य अध्यापनांत घालविलेल्या मनुष्यास ही गोष्ट भूषणावह नव्हे. मुलास समजेल अशा भाषेंत हें उत्तर कोठें सांपडतें का, हें पाहण्यासाठीं घड्याळ, वार, महिने व ऋतु शिकविणारीं जेवढीं बालपुस्तकें हातीं आलीं तेवढीं आम्हीं वाचून काढलीं. प्रस्तुत लेख हें त्या वाचनाचें फळ होय.

या पुस्तकांचा सांचा बहुधा एकच असतो. पहिल्या पानावर हसऱ्या तोंडाचें घड्याळ. दुसऱ्यावर तासकांटा व मिनिटकांटा यांची ओळख. मग साठ सेकंदांचें मिनिट, साठ मिनिटांचा तास, चोवीस तासांचा दिवस. शेवटीं बारा महिन्यांचीं नांवें आणि 'लीप' वर्षाचा नियम. माहिती सर्व खरी आहे व ती मुलास आलीच पाहिजे, याविषयीं वाद नाहीं. आमचा आक्षेप निराळा आहे. घड्याळ वाचावयास शिकविणें आणि घड्याळ काय मोजतें हें शिकविणें या दोन भिन्न गोष्टी होत, आणि पहिली साधली म्हणजे दुसरी आपोआप साधते असें हे लेखक धरून चालतात. ज्यास तराजूचा कांटा वाचतां येतो पण वजन म्हणजे काय हें ठाऊक नाहीं, त्यास वाणसौदा आणावयास कोणी शहाणा पाठविणार नाहीं. मुलांचे स्वाभाविक प्रश्न या पुस्तकांत जणू येऊंच दिलेले नाहींत. रुपयाचे पैसे शंभर, मीटरचे सेंटिमीटर शंभर, मग तासाचीं मिनिटें साठच कां? बाबिलोनच्या लोकांची गणना साठांवर बसविलेली होती, आणि साठ ही संख्या दोन, तीन, चार, पांच, सहा या सर्वांनीं निःशेष भागली जाते, ही गोष्ट सांगावयास दोन ओळी पुरतात. कांटे याच दिशेनें कां फिरतात? घड्याळ निर्माण होण्यापूर्वीं उत्तर गोलार्धांतील छायायंत्रांत शंकूची सावली त्याच दिशेनें फिरत असे म्हणून. अंगणांत एक काठी रोवली तर हें मुलास डोळ्यांनीं दिसतें. आम्हीं पाहिलेल्या पुस्तकांपैकीं एकांतही ती काठी नाहीं.

ती नसल्यामुळें केवढा अनर्थ होतो याचें एक उदाहरण देतों. "दुपारीं बारा वाजतां सूर्य बरोबर डोक्यावर येतो" हें वाक्य अनेक पुस्तकांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलें आहे. त्यांत दोन चुका आहेत. मुंबईस सूर्य खरोखर डोक्यावर येतो तो वर्षांतून दोनदांच, मे महिन्याच्या मध्यास आणि जुलैच्या अखेरीस. आणि तेव्हांही घड्याळांत बारा वाजून गेलेले असतात. आपलें प्रमाण घड्याळ साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशाच्या सूर्यावर लाविलेलें आहे. मुंबई त्याच्या पश्चिमेस साडेनऊ अंशांहून कांहींशी अधिक आहे, व पृथ्वीस एक अंश फिरावयास चार मिनिटें लागतात. तेव्हां मुंबईचा मध्यान्ह सरासरीनें बारा वाजून एकोणचाळीस मिनिटांच्या सुमारास होतो, आणि नागपूरचा त्याच्या सुमारें पंचवीस मिनिटें आधीं. पुस्तक वाचून काठी घेऊन अंगणांत गेलेलें मूल बाराच्या ठोक्यास सावली मोजील, तिला अर्ध्या तासानंतर ती अधिक आंखूड झालेली आढळेल, आणि मग त्यास पुस्तक खोटें किंवा आपले डोळे खोटे यांपैकीं एक मानावें लागेल. आपल्या शाळांतील मुलें बहुधा दुसरा पक्ष स्वीकारतात, ही आमची खरी तक्रार आहे.

वस्तुतः या चुकीच्या पोटांत मुंबईच्या इतिहासांतील एक मोठी मौजेची गोष्ट दडलेली आहे, व ती मुलांस सांगण्याजोगी आहे. पूर्वीं प्रत्येक गांवाचा मध्यान्ह तोच त्या गांवाचा बारा वाजण्याचा समय असे. आगगाड्या आल्यावर हें चालेना. रेल्वेनें मद्रासचा वेळ धरिला, आणि 1881 सालीं सरकारनें तोच मुंबईवर लादण्याचा प्रयत्न केला, तेव्हां शहरांत एवढा गवगवा झाला कीं तो बेत सोडून द्यावा लागला. पुढें 1 जानेवारी 1906 पासून हल्लींचा प्रमाण वेळ सुरू झाला. घड्याळाचे कांटे एकोणचाळीस मिनिटें पुढें सारले गेले, म्हणजे गिरणीकामगारास तेवढ्या अगोदर, अंधारांत, घर सोडणें आलें. त्या महिन्यांत गिरणींत दंगाधोपा झाला, नगरपालिकेनें आपलीं घड्याळें जुन्याच वेळावर ठेविलीं, आणि 'मुंबई टाइम' व 'स्टँडर्ड टाइम' हे दोन्ही एकाच शहरांत पुढें जवळजवळ अर्धशतक नांदले. सायंकाळीं सात म्हणजे कोणते सात, हें तेव्हांच्या मुंबईकरास विचारून घ्यावें लागे. एवढी गोष्ट ऐकलेल्या मुलास सूर्याचा मध्यान्ह ही सृष्टीची गोष्ट आहे व घड्याळाचे बारा हा माणसांचा आपसांतील करार आहे, हें निराळें सांगावें लागणार नाहीं. करार बदलतां येतो, त्याविषयीं भांडतां येतें, आणि तो कोणाच्या सोयीचा आहे असें विचारतांही येतें. पुठ्ठ्याच्या घड्याळानें हें कधींही शिकविलें जाणार नाहीं.

परभाषेंत या विषयावर निराळ्या रीतीनें लिहिलें गेलें आहे. एम. इलीन या टोपणनांवानें लिहिणाऱ्या रशियन ग्रंथकाराचें घड्याळांवरील बालपुस्तक 1927 सालचें, 'किती वाजले?' अशा अर्थाच्या नांवानें त्याचें इंग्रजी भाषांतर 1932 सालीं झालें. लेखक व्यवसायानें इंजिनियर. घड्याळ नसतें तर माणसानें काय केलें असतें, येथून तो आरंभ करितो, आणि सावली, पाणी, वाळू, अग्नि अशा एकामागून एक युक्त्यांतून वाचकास चाकांच्या घड्याळाकडे आणितो. मुलास येथें नियम पाठ करावा लागत नाहीं. अडचण दिसते आणि मग तोड दिसते. त्यांत आमचें पंचांग नाहीं अशी तक्रार करणें अन्यायाचें होईल. तें काम आमचें होतें.

आणि तें करण्यास आमच्याजवळ सामग्री थोडीथोडकी नाहीं. मराठी भाषाच पाहा. 'घड्याळ' या शब्दाच्या मुळाशीं घटिका आहे, म्हणजे पाण्यावर तरंगत ठेवावयाची, बुडाशीं बारीक भोंक असलेली तांब्याची वाटी. ती भरून बुडाली म्हणजे एक घटका, आपल्या हल्लींच्या मापानें चोवीस मिनिटें. अहोरात्रांत अशा साठ. 'तास' हा शब्द फारसीमार्गें आला; तो मुळांत पात्राचा वाचक, आणि मराठींत ठोके देण्याच्या कांशाच्या थाळीसही तास म्हणत. थाळी वाजे म्हणून वेळ 'वाजते'. 'किती वाजले' या प्रश्नांतील क्रियापद कोणाच्याही कांट्यापासून आलेलें नाहीं. एखाद्याची 'घटका भरली' असें आपण म्हणतों तेव्हां बुडणारी ती वाटीच आपल्या तोंडीं असते. सातव्या शतकांत नालंद येथें राहून गेलेल्या इत्सिंग या चिनी यात्रिकानें विहारांतील अशाच वाटीचें व तिच्या प्रत्येक बुडण्याबरोबर वाजणाऱ्या नगाऱ्याचें वर्णन केलेलें आहे. हें शब्दभांडार घरांत रोज वापरांत असतां बालपुस्तकांत त्याचा मागमूसही नसावा याचें आश्चर्य वाटतें. उलट आहे तेंही जात चाललें आहे. भ्रमणध्वनीच्या काचेवर आंकडेच उमटत असल्यामुळें आमच्या घरचीं मुलें 'पावणेअकरा' न म्हणतां 'दहा पंचेचाळीस' म्हणतात. पावकी, पाऊणकी, सवायकी पाठ केलेल्या पिढीस यांत काय गेलें तें सांगावयास नको. पावणे म्हणतांना पुढचा तास डोळ्यांसमोर असतो, पंचेचाळीस म्हणतांना तो नसतो.

घटिकापात्र ज्या एका ठिकाणीं बालवाङ्मयांत येतें तें म्हणजे लीलावतीची कथा. भास्कराचार्यांच्या कन्येच्या विवाहाच्या वेळीं तिच्या अंगावरील मोतीं घटिकापात्रांत पडून भोंक बुजलें, मुहूर्त टळला, आणि तिच्या सांत्वनार्थ पित्यानें गणिताचा ग्रंथ लिहिला, ही ती कथा. तिचा आधार 1587 सालचें फैजीचें फारसी भाषांतर, म्हणजे मूळ ग्रंथानंतर चारशेंहून अधिक वर्षांनीं झालेलें. तेव्हां ती इतिहास नव्हे, आख्यायिका होय, एवढें मुलास प्रामाणिकपणें सांगावें. पण तो आमचा मुख्य मुद्दा नाहीं. कथा सांगणारे लेखक लीलावतीच्या आंसवांवर पानभर लिहितात, आणि वाटींत पाणी कसें शिरतें, भोंक बुजतांच घटका कां थांबते, यावर एक वाक्यही लिहीत नाहींत. आम्हीं घरीं एका पातळ वाटीस बारीक भोंक पाडून परातींत प्रयोग केला. पहिली वाटी चार मिनिटांत बुडाली. भोंक मेणानें लहान करीत करीत ती चोवीस मिनिटांच्या आसपास आणावयास रविवारची सबंध सकाळ गेली, आणि वाटी रात्रभर उचलीत बसणारा मनुष्य कोण असेल या प्रश्नावर घरांत बराच वेळ चर्चा चालली.

पंचांगाच्या प्रकरणीं आमच्या लेखकांचे दोन तट पडतात. एका तटास तिथि, घटका, पळ हें सर्व आजीबाईचें अज्ञान वाटतें. दुसरा तट त्रुटि, लव, निमेष अशीं सूक्ष्म मानें ओळीनें छापून आमच्या पूर्वजांस सर्व ठाऊक होतें असें मुलांस बजावतो. पहिल्यामुळें मूल आपल्या आजीस हंसावयास शिकतें, दुसऱ्यामुळें तें विचार करण्याचें सोडतें. इतकीं सूक्ष्म मानें कागदावर मांडतां येतात, पण तीं मोजण्याचें साधन वाटी व शंकु यांच्यापाशीं नव्हतें, हें सांगावयाचें या दुसऱ्या लेखकांच्या जिवावर येतें. दोन्ही तटांस मुख्य गोष्ट सुचत नाहीं. 'तिथि म्हणजे हिंदूंची तारीख' ही व्याख्या तर सपशेल चुकीची आहे. तारीख दिवस मोजते. तिथि चंद्र व सूर्य यांच्यामधील अंतर मोजते. बारा अंश अंतर वाढलें कीं एक तिथि सरली. चंद्राची गति सारखी नसल्यामुळें तिथि कधीं एकोणीस-वीस तासांची तर कधीं सव्वीस तासांची असते. सूर्योदयीं जी असेल ती त्या दिवसाची. म्हणून एखादी गाळली जाते व एखादी दोनदां येते. कोणत्याही मराठी घरांतील भिंतीवर 1973 पासून निघणाऱ्या कालनिर्णयाचें किंवा दुसऱ्या कोणत्या दिनदर्शिकेचें जें पान लटकत असतें त्यावर हें सर्व छापलेलें आहे. शिकवावयाचें तें फक्त बोट ठेवून.

हें मराठींत साधतच नाहीं असें म्हणण्यास जागा नाहीं. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचा भारतीय ज्योतिषशास्त्रावरील इतिहासग्रंथ 1896 सालचा, आणि त्याच दशकांतील त्यांचें 'ज्योतिर्विलास' हें पुस्तक सामान्य वाचकासाठीं रात्रीच्या दोन घटका मौजेच्या नांवानें लिहिलेलें. दीक्षित शाळामास्तर होते. गणिताशीं तडजोड न करितां सोपें कसें लिहावें हें त्यांस साधलें होतें. त्यांच्या पश्चात् शंभरांहून अधिक वर्षांत त्यांच्या पुस्तकावरून दहा वर्षांच्या मुलांसाठीं एखादी छोटी पोथी कोणी कां तयार करूं नये, हें आम्हांस उमजत नाहीं.

शेवटीं आमच्या पुतणीचें उत्तर आम्हांसच जुळवावें लागलें. तिला गणेश चतुर्थीच्या चार तारखा लिहून दिल्या: 2022 सालीं 31 ऑगस्ट, 2023 सालीं 19 सप्टेंबर, 2024 सालीं 7 सप्टेंबर, 2025 सालीं 27 ऑगस्ट. शेवटच्या तिहींत गणपति दरवर्षीं अकरा-बारा दिवस मागें सरकले, हें तिनें स्वतःच हेरलें. बारा चांद्रमासांचे दिवस 354 व वर्षाचे 365, ही वजाबाकीही तिनें केली. 2023 सालीं ते एकदम एकोणीस दिवस पुढें कां गेले, तेवढें सांगावें लागलें: ज्या चांद्रमासांत सूर्य नव्या राशींत जातच नाहीं तो अधिक, आणि त्या वर्षीं श्रावण अधिक होता. असा महिना न घातला तर सण सर्व ऋतूंतून फिरतात, जसा रमजान सुमारें तेहतीस वर्षांत एक फेरा घेतो. संक्रांत सूर्याची, म्हणून ती चंद्राबरोबर हलत नाहीं. तथापि तीही अगदीं स्थिर नाहीं. स्वामी विवेकानंद 12 जानेवारी 1863 रोजीं जन्मले तो दिवस मकरसंक्रांतीचा होता, आणि हल्लीं ती 14 किंवा 15 तारखेस येते. नाक्षत्रवर्ष सायनवर्षाहून सुमारें वीस मिनिटांनीं मोठें, त्याचा हा परिणाम. येथें आम्हांस पुन्हां कामाचें निमित्त सांगावेंसें वाटलें, पण एक दिवा, एक मोसंबें व दोन संध्याकाळ यांवर तेंही निभावलें.

या सर्व गोष्टी चित्रांसह, मोठ्या टायपांत व न फुगवितां सांगणारें मराठी पुस्तक आमच्या पाहण्यांत आलेलें नाहीं. तें निघालेलें असून आमच्याच नजरेंतून सुटलें असेल, तर वाचकांनीं संपादकांच्या पत्त्यावर अवश्य कळवावें. पुढील अंकांत आम्ही आनंदानें त्याचा परामर्श घेऊं.