‘न्यूझीलंडखेरीज’ : दोन शेजारी राष्ट्रांच्या समान इतिहासाची चिकित्सा

१

ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड ह्या दोन राष्ट्रांचा उल्लेख आपल्याकडील अभ्यासक्रमांत व प्रबंधांत बहुधा जोडीनेच होतो. दोन्ही ठिकाणी ब्रिटिशांनी वसाहती केल्या, दोन्ही ठिकाणी इंग्रजी भाषा रुजली, दोन्ही ठिकाणी मूळ रहिवाशांची भूमी परक्यांच्या हाती गेली; म्हणून दोन्हींचे वाङ्मय ‘वसाहतोत्तर’ ह्या एकाच मथळ्याखाली, आणि पुष्कळदा भारतीय वाङ्मयाच्याच शेजारी, बसविले जाते. ही जोडी निराधार नाही. परंतु ‘समान इतिहास’ हा शब्दप्रयोग नेमका कोणाच्या समानतेविषयी बोलतो, हा प्रश्न क्वचितच विचारला जातो. प्रस्तुत लेखात हा प्रश्न भाषेच्या अंगाने विचारावयाचा आहे. ह्या दोन राष्ट्रांना जोडणारे जे दस्तऐवज आहेत, त्यांतील शब्द बारकाईने वाचले म्हणजे असे दिसते की, जोडले गेलेले असतात ते वसाहतकार. आणि दोन राष्ट्रांतील खरा भेद तिसऱ्या पक्षाच्या, म्हणजे मूळ रहिवाशांच्या, भाषेला करारात स्थान मिळाले की नाही ह्यावरून ठरतो.

२

प्रथम समानतेची बाजू पाहू. टास्मन समुद्राने विभागलेल्या ह्या दोन देशांत सुमारे दोन हजार किलोमीटरांचे अंतर आहे. तथापि आरंभी ते एकाच कारभाराचे भाग होते. १७८८ साली सिडनी येथे ब्रिटिश वसाहत स्थापन झाल्यावर न्यूझीलंडकडे जाणारे व्यापारी, देवमाशांचे शिकारी व धर्मोपदेशक हे प्रायः तेथूनच निघत. पॅरामॅटा येथील धर्मगुरू सॅम्युएल मार्सडेन ह्याने १८१४ च्या नाताळात ‘बे ऑफ आयलंड्स’ येथे पहिले प्रवचन केले. माओरी भाषेतील पहिले मुद्रित पुस्तक, टॉमस केंडल ह्याचे, १८१५ साली सिडनी येथे छापले गेले. १८४० साली न्यूझीलंड ब्रिटिश सत्तेखाली आले तेही न्यू साउथ वेल्सचा उपप्रांत म्हणून. स्वतंत्र वसाहतीचा दर्जा त्याला प्रत्यक्षात १८४१ साली मिळाला.

पुढील काळातही हा धागा तुटला नाही. १९०१ साली ऑस्ट्रेलियन वसाहतींचे संघराज्य अस्तित्वात आले. त्याच्या घटना-अधिनियमात ‘राज्ये’ ह्या शब्दाची जी व्याख्या आहे, तीत न्यूझीलंडचे नाव आजही आढळते. १९१५ साली गॅलिपोली येथे दोन्ही देशांचे सैनिक एकत्र लढले आणि ‘अँझॅक’ हा आद्याक्षरांचा शब्द दोन्ही राष्ट्रांच्या भावविश्वात कायमचा बसला. १९७३ पासून परस्परांच्या नागरिकांना एकमेकांच्या देशात राहण्याची व काम करण्याची मोकळीक आहे. १९८३ पासून निकट आर्थिक संबंधांचा करार लागू आहे.

ह्या समानतेचे भाषाशास्त्रीय प्रतिबिंब म्हणजे एडवर्ड मॉरिस ह्या मेलबर्न येथील प्राध्यापकाने १८९८ साली सिद्ध केलेला ‘ऑस्ट्रल इंग्लिश’ हा कोश. दोन्ही देशांतील इंग्रजी एकच गृहीत धरून त्यांतील विशेष शब्द त्याने एका वर्णानुक्रमात मांडले. त्यामुळे ऑस्ट्रेलियाचा ‘कांगारू’ आणि न्यूझीलंडचा ‘किवी’ एकाच अक्षराखाली आले. पुढे शंभर वर्षे व्हावयाच्या आतच ह्या एका कोशाच्या जागी दोन कोश उभे राहिले. ऑस्ट्रेलियाचा राष्ट्रीय शब्दकोश १९८८ साली, तर ऑर्स्मन ह्यांचा न्यूझीलंड इंग्रजीचा कोश १९९७ साली प्रसिद्ध झाला. एकाचे दोन होण्याचे कारण राष्ट्राभिमान हे आहेच. पण केवळ तेवढेच नाही.

३

मॉरिसच्या कोशाने एका अनुक्रमात बसविलेल्या शब्दांचा उगम पाहिला म्हणजे भेद स्पष्ट होऊ लागतो. जेम्स कुकच्या जहाजावर तुपाइया नावाचा एक विद्वान नाविक होता. तो ताहितीजवळच्या रायातेआ बेटाचा. १७६९ साली न्यूझीलंडच्या किनाऱ्यावर तो बोलू लागताच माओरी लोकांना त्याचे बोलणे कळले, कारण दोन्ही भाषा पॉलिनेशियन कुलातील व परस्परांच्या निकटच्या. तोच तुपाइया १७७० साली बॉटनी बे येथे मूक ठरला. तेथील लोकांची भाषा त्याला मुळीच कळेना. न्यूझीलंडमध्ये बोलीभेद असूनही एक भाषा होती. ऑस्ट्रेलियात अडीचशेच्या घरात वेगवेगळ्या भाषा होत्या.

‘कांगारू’ ह्या शब्दाची कथा ह्याच वस्तुस्थितीची साक्ष देते. कुकच्या लोकांनी तो १७७० साली उत्तरेकडील एन्डेव्हर नदीकाठी, गूगू यिमिदिर भाषिकांकडून टिपला. त्या शब्दाचा अर्थ ‘मला ठाऊक नाही’ असा होता, ही लोकप्रिय आख्यायिका निराधार आहे. मूळ शब्द एका विशिष्ट मोठ्या कांगारूचे नाव होय, हे १९७० नंतरच्या दशकात झालेल्या क्षेत्रीय अभ्यासाने निर्विवाद झाले. १७८८ नंतर इंग्रजांनी हाच शब्द सिडनीत वापरला, तेव्हा तेथील मूळ रहिवाशांना तो अपरिचित होता. त्यांनी तो इंग्रजीच समजून घेतला. जहाजातून उतरविलेल्या गाईंकडे बोट दाखवून त्यांच्यापैकी एकाने, हे कांगारूच काय, असे विचारल्याची नोंद वॉटकिन टेंच ह्या अधिकाऱ्याने केली आहे. दोन्ही पक्ष जो शब्द दुसऱ्याचा मानतात, त्या शब्दावर संभाषण उभे राहू शकत नाही.

मात्र येथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. भाषांच्या बहुत्वामुळे ऑस्ट्रेलियात करार अशक्य झाला, असे म्हणणे सोयीचे असले तरी खरे नाही. विल्यम डॉस ह्याने १७९० च्या सुमारास सिडनीची भाषा पटेगारांग नावाच्या तरुणीकडून शिकून तिची टिपणे केली. लान्सलॉट थ्रेलकेल्ड ह्याने बिराबान ह्या जाणत्या गृहस्थाच्या साह्याने अवाबाकल भाषेचे व्याकरण १८३४ साली प्रसिद्ध केले. १८३५ साली जॉन बॅटमन ह्याने पोर्ट फिलिप येथे कुलिन लोकांशी भूमीविषयी एक ‘करार’ केला. तो प्रामाणिक होता की नाही हा वेगळा प्रश्न. पण गव्हर्नर बर्क ह्याने जाहीरनामा काढून तो रद्द ठरविला, कारण ही भूमी ब्रिटिश राजसत्तेचीच असल्याने दुसऱ्या कोणाला ती देता येत नाही, अशी सरकारची भूमिका होती. म्हणजे भाषा शिकलेले लोक होते. न्यायालयात थ्रेलकेल्डने दुभाष्याचे कामही केले. पण शपथ घेण्यास अपात्र मानल्यामुळे मूळ रहिवाशांची साक्ष मात्र ग्राह्य धरली जात नसे. भाषा कळत होती. तिला पक्षकाराचे स्थान नव्हते.

४

ह्याच ब्रिटिश सत्तेने पाच वर्षांनी न्यूझीलंडमध्ये करार केला, आणि तोही मुख्यतः माओरी भाषेत. ६ फेब्रुवारी १८४० रोजी वाइतांगी येथे प्रथम सह्या झाल्या. पुढील काही महिन्यांत पाचशेहून अधिक माओरी प्रमुखांनी सह्या वा खुणा केल्या. इंग्रजी संहितेवर सही करणारे त्यांत फार थोडे. ह्यामागे केवळ औदार्य होते असे मानण्याचे कारण नाही. माओरी लोकांचे सामर्थ्य, १८३५ चे त्यांचे स्वातंत्र्याचे घोषणापत्र, लंडनमधील तत्कालीन लोकहितवादी मतप्रवाह आणि पंचवीस वर्षे माओरी भाषा शिकलेले मिशनरी, ह्या सर्वांचा तो परिपाक होता. पण परिणाम असा झाला की, एकाच गव्हर्नरच्या अधिकारक्षेत्रात टास्मन समुद्राच्या पश्चिमेस करार अशक्य, तर पूर्वेस करार आवश्यक, अशी स्थिती वर्षभर तरी होती.

करार भाषेत उतरला आणि भाषेमुळेच तो वादाचा विषय झाला. इंग्रजी संहितेच्या पहिल्या कलमात ‘सार्वभौमत्व’ देऊन टाकल्याचे म्हटले आहे. हेन्‍री विल्यम्स व त्याच्या पुत्राने एका रात्रीत केलेल्या माओरी संहितेत त्या ठिकाणी ‘कावनतंगा’ हा शब्द येतो. इंग्रजी ‘गव्हर्नर’चे माओरी रूप ‘कावना’. त्यास भाववाचक प्रत्यय लागून हा शब्द झाला. आपल्याकडे सुभेदारापासून ‘सुभेदारी’ व्हावी तसाच हा प्रकार. सुभेदारी देणे म्हणजे राज्य देणे नव्हे. उलट, दुसऱ्या कलमात प्रमुखांना ‘तिनो रंगतिरतंगा’, म्हणजे त्यांची खरी सरदारकी, भूमी, वस्ती व सर्व ‘ताओंगा’, म्हणजे मौल्यवान ठेवा, ह्यांवर अबाधित राहील अशी हमी आहे. १८३५ च्या घोषणापत्रात सर्वोच्च सत्तेसाठी ‘मना’ हा माओरी शब्द वापरलेला होता. करारात तो टाळला गेला. रूथ रॉस ह्यांनी १९७२ साली दोन्ही संहितांची जी तुलना केली, तीमुळे हा भेद विद्वानांच्या चर्चेच्या केंद्रस्थानी आला.

न्यूझीलंडचे हे चित्र उजळ करून रंगविण्याचा मोह मात्र आवरला पाहिजे. १८६० नंतरच्या युद्धांत व भूमिजप्तीत कराराची पत्रास राहिली नाही. १८६७ च्या कायद्याने माओरी मुलांच्या शाळा इंग्रजी माध्यमाच्या झाल्या. १८७७ साली मुख्य न्यायाधीशाने करार शून्यवत ठरविला. तरीही लिहिलेला शब्द नाहीसा होत नाही. १९७५ साली वाइतांगी न्यायाधिकरण स्थापन झाले. माओरी भाषा ही स्वतःच एक ‘ताओंगा’ आहे व म्हणून तिचे रक्षण करणे शासनावर बंधनकारक आहे, हा दावा न्यायाधिकरणाने १९८६ साली मान्य केला. १९८७ साली माओरी ही अधिकृत भाषा झाली. इंग्रजी संहितेत भूमी, अरण्ये व मत्स्यक्षेत्रे ह्यांची यादी आहे, पण ‘ताओंगा’ला तुल्यबळ असा व्यापक शब्द नाही. भाषेला आधार मिळाला तो माओरी संहितेतील ह्या एका शब्दाचा.

ऑस्ट्रेलियात असा आधारशब्दच नव्हता. १९९२ साली माबो खटल्यात उच्च न्यायालयाने ‘कोणाचीच नसलेली भूमी’ हे तत्त्व नाकारले, तेव्हा मेरियम लोकांना आपला हक्क तोंडी परंपरेच्या साक्षीपुराव्याने सिद्ध करावा लागला. दोन देशांतील इंग्रजीवरही हाच ठसा आहे. ऑस्ट्रेलियन इंग्रजीने मूळ भाषांकडून घेतले ते बहुतांशी प्राणी, वनस्पती, पाणवठे व हत्यारे ह्यांचे शब्द: ‘कोआला’, ‘वॉम्बॅट’, ‘बिलाबाँग’, ‘बूमरँग’. न्यूझीलंडच्या इंग्रजीनेही ‘किवी’ व ‘काउरी’ घेतलेच. पण अलीकडच्या अर्धशतकात ‘इवी’ (जमात), ‘फानाऊ’ (कुटुंब), ‘मना’ (अधिकार, प्रतिष्ठा) असे समाजव्यवस्थेचे शब्दही त्यात रूढ झाले. मॉरिसच्या एका कोशाचे दोन कोश का झाले, ह्याचे एक उत्तर येथे आहे.

५

ह्या लेखाचे शीर्षक ऑस्ट्रेलियाच्या १९०२ च्या मताधिकार कायद्यातून घेतले आहे. त्या कायद्याने वसाहतकार स्त्रियांना मताचा हक्क दिला आणि त्याच वेळी ऑस्ट्रेलिया, आशिया, आफ्रिका व ‘न्यूझीलंडखेरीज’ पॅसिफिक बेटे येथील मूळ रहिवाशांना, पूर्वी राज्यात मत असलेल्यांचा अल्प अपवाद सोडून, मतदारयादीतून वगळले. न्यूझीलंडमध्ये माओरी पुरुषांना १८६७ पासून चार राखीव जागा होत्या व माओरी स्त्रियांना इतर स्त्रियांबरोबर १८९३ पासून मत होते. १८९० च्या मेलबर्न परिषदेत न्यूझीलंडचे प्रतिनिधी कॅप्टन रसेल ह्यांनी, मूळ रहिवाशांविषयीचा कारभार दूरच्या संघराज्याच्या हाती देण्यास आपला देश कचरेल, असे सुचविले होते. घटनेतील ‘राज्ये’ ह्या शब्दाची व्याख्या आणि हा अपवाद एकत्र वाचले म्हणजे त्याचा रोख कळतो: शेजाऱ्यासाठी दार उघडे ठेवावयाचे, तर त्याच्या मतदाराला गाळून चालणार नव्हते. आपल्या अंगणातील मूळ रहिवाशाला मात्र हा न्याय नव्हता. ऑस्ट्रेलियातील सर्व मूळ रहिवाशांना संघराज्याच्या निवडणुकांत मत मिळावयास १९६२ साल उजाडले. ‘आशिया’ ह्या शब्दात आपणही होतो, हे येथे विसरून चालणार नाही. ब्रिटिश हिंदुस्थानातील रहिवाशांवरची ही बंदी १९२५ साली उठली.

‘समान इतिहास’ ह्या शब्दाचा खरा व्याप ह्या एका उपवाक्यात दिसतो. तो वसाहतकारांमधील नाते सांगतो, आणि त्या नात्याच्या सोयीपुरताच मूळ रहिवासी त्यात येतो किंवा वगळला जातो.

६

आपल्या अभ्यासाच्या दृष्टीने ह्यातून काय निष्पन्न होते? मराठीतील ‘वसाहत’ हा शब्द मुळात वस्तीचा वाचक आहे. ‘औद्योगिक वसाहत’, ‘कामगारांची वसाहत’ असे आपण सहज म्हणतो. इंग्रज हिंदुस्थानात वसावयास आले नाहीत. त्यांनी येथे अंमल बसविला. म्हणून आपल्या पूर्वसूरींनी आपल्या स्थितीला ‘पारतंत्र्य’, ‘इंग्रजी अंमल’ असेच म्हटले. पुढे ‘वसाहतवाद’ हा पारिभाषिक शब्द रूढ झाला आणि त्याने वस्ती व अंमल ह्या दोन भिन्न व्यवहारांवर एकच पांघरूण घातले. अंमल उठतो, वस्ती उठत नाही. म्हणून आपल्या वाङ्मयाला लावलेले ‘वसाहतोत्तर’ हे विशेषण ऑस्ट्रेलियातील वसाहतकारांच्या वंशजांनी लिहिलेल्या वाङ्मयाला जसेच्या तसे लावणे शास्त्रशुद्ध नाही. तेथील मूळ रहिवाशांच्या दृष्टीने ‘उत्तर’ हा काळ आलेलाच नाही. ‘वस्तीची वसाहत’ आणि ‘अंमलाची वसाहत’ असा भेद निदान प्रबंधलेखनात तरी पाळावा, अशी सूचना करावीशी वाटते.

हा प्रश्न केवळ परिभाषेचा नाही. २०२३ साली ऑस्ट्रेलियन मतदारांनी मूळ रहिवाशांना घटनेत सल्लागार मंडळ देण्याचा प्रस्ताव नाकारला. न्यूझीलंडच्या संसदेने कराराच्या तत्त्वांचा नवा अर्थ लावू पाहणारे विधेयक २०२५ साली मोठ्या मताधिक्याने फेटाळले. एका देशात वाद नसलेल्या मजकुराविषयी होतो, दुसऱ्यात असलेल्या मजकुराविषयी. शिवाय एक लाखाहून अधिक माओरी आज ऑस्ट्रेलियात राहतात. स्वतःच्या देशात ते करारातील पक्षकार आहेत. समुद्र ओलांडला की ते दुसऱ्या मूळ रहिवाशांच्या भूमीवर येऊन राहिलेले परके असतात. त्यांच्या लेखनाचा विचार करताना ‘वसाहतकार’ आणि ‘मूळ रहिवासी’ ही सरळ विभागणीही अपुरी पडते.

ह्यापुढे जो विद्यार्थी ह्या दोन वाङ्मयांची तुलना हाती घेईल, त्याने प्रथम समान विषयांची यादी करण्याऐवजी एक साधा प्रश्न विचारावा: ह्या भूमीविषयीचा पहिला लेख कोणत्या भाषेत लिहिला गेला, आणि तो ज्यांच्याविषयी होता त्यांना वाचता येत होता काय? ह्या प्रश्नाचे उत्तर न्यूझीलंडमध्ये एक मिळते, ऑस्ट्रेलियात दुसरे. तुलनेचा आरंभ तेथून झाला पाहिजे.