खडी गंमतीतील आंगिक विनोद

खडी गंमत हा पूर्व विदर्भातील, विशेषतः भंडारा व १९९९ मध्ये त्यातून वेगळा झालेल्या गोंदिया जिल्ह्यातील लोकनाट्यप्रकार. ‘खडी’ म्हणजे उभ्याने सादर केली जाणारी. दिवाळीनंतर गावोगावी भरणाऱ्या मंडईच्या निमित्ताने तिचे प्रयोग होतात. शाहीर, त्याचे साथीदार, स्त्रीवेषधारी नाच्या व सोंगाड्या हे तिचे प्रमुख घटक होत. पडदा व नेपथ्य यांची तिला गरज नसते.

या गंमतीतील विनोदाचा विचार बहुधा द्व्यर्थी संवादांपुरताच केला जातो व तो ग्राम्य ठरवून सोडून दिला जातो. हा निर्णय एकांगी आहे. कारण येथील हशा शब्दांइतकाच शरीरातून निर्माण होतो. सोंगाड्याची अडखळती चाल, नाच्याच्या पदन्यासाची त्याने केलेली बेंगरूळ नक्कल आणि नेमक्या क्षणी पडणारी ढोलकीची थाप यांतून तो साकार होतो.

प्रारंभीच्या इटालियन मूक लघुपटांशी तुलना केल्यास या विनोदाचे वेगळेपण स्पष्ट होते. आंद्रे दीद याने १९०९ पासून तूरिन येथे ‘क्रेतिनेत्ती’ हे पात्र रंगविले. सर्कशीच्या परंपरेतून आलेल्या फेर्दिनांदो गिय्योम याने ‘तोंतोलिनी’ व पुढे ‘पोलिदोर’ ही पात्रे लोकप्रिय केली. मोडतोड, पाठलाग व कॅमेऱ्याच्या करामती हे त्यांचे भांडवल होते. १९०९ च्या एका लघुपटात क्रेतिनेत्तीवर भाळलेल्या स्त्रिया त्याचे तुकडे करतात व ते तुकडे पुन्हा जुळून येतात. सोंगाड्याजवळ मोडण्यासारखे सामान नसते आणि कॅमेराही नसतो. तो मोडतो ते शाहिराचे गांभीर्य. शाहिराने पदातून उभारलेला भाव तो एका अंगविक्षेपाने उलटवितो. म्हणून शाहीर जितका गंभीर, तितका सोंगाड्या प्रभावी.

या विनोदाच्या मर्यादाही उघड आहेत. त्याच त्या हालचालींची पुनरावृत्ती, स्त्रीचे ठोकळेबाज चित्रण व शारीरिक व्यंगावरील कोट्या यांमुळे तो अनेकदा उथळ होतो. शिवाय ध्वनिक्षेपकासमोर उभे राहणे भाग पडले, की सोंगाड्याच्या हालचाली आखडतात आणि शाब्दिक कोट्यांवरील भर वाढतो.

तोंतोलिनीची फजिती फिल्मवर टिकली. गंमतीची पदे लिहून घेता येतात. त्यांमधील विराम, गिरकी व धडपड मात्र कागदावर उतरत नाहीत. त्यामुळे केवळ संहितांचे संकलन करून या कलेचे जतन होणार नाही. जाणत्या कलावंतांच्या संपूर्ण प्रयोगांचे चित्रीकरण होणे आवश्यक आहे.