नट शंकर नाग आणि आपण

नोकरीच्या निमित्ताने परप्रांती राहणाऱ्या महाराष्ट्रीय माणसास एक खोड जडलेली असते. कोणी गुणी मनुष्य नावारूपास आला, की त्याचे आडनाव, मूळ गाव आणि घरची बोली यांची चौकशी करून तो ‘आपला’ आहे किंवा कसे याचा निवाडा तो आधी करतो. गुणांचा विचार मागाहून, सवड झाल्यास. शंकर नाग यांच्याविषयी बंगळुरातील मराठी बैठकींतून जे बोलणे चालते, ते बहुधा या निवाड्यापाशीच येऊन थांबते. ‘तो मूळचा आपल्या मराठी रंगभूमीवरचा,’ असे एकाने म्हणावे. ‘छे, त्याच्या घरची बोली कोकणी,’ असे दुसऱ्याने सांगावे. आणि एवढ्यात चहा आला म्हणजे विषय संपावा! आमच्या मते हा वादच उलट्या टोकाने धरलेला आहे. शंकर नाग कोणाचे, हा प्रश्न फारसा महत्त्वाचा नाही. एका भाषेत घडलेला कलावंत दुसऱ्या भाषेत जाऊन काय करू शकतो, आणि तसे करताना त्याला काय सोडावे लागते, हा खरा प्रश्न होय. तो आपणां बदलीवरच्या माणसांच्याही जिव्हाळ्याचा आहे.

प्रथम चरित्र थोडक्यात पाहू. शंकर नागरकट्टे यांचा जन्म ९ नोव्हेंबर १९५४ रोजी उत्तर कन्नड जिल्ह्यातील होन्नावर भागात एका कोकणीभाषी कुटुंबात झाला. नट अनंत नाग हे त्यांचे वडील बंधू. दोघेही भाऊ मुंबईस आले आणि तेथील रंगभूमीच्या नादी लागले. सत्तरीच्या दशकातील मुंबई ही नव्या नाटकाची मोठी पेठ होती. १९७४ पासून दादरच्या छबिलदास शाळेत ‘आविष्कार’ने प्रायोगिक नाटकांचे प्रयोग सुरू केले होते, एका भाषेतले नाटक वर्षा-दोन वर्षांत दुसऱ्या भाषेत उतरत होते. कार्नाडांचा ‘तुघलक’ तेंडुलकरांनी मराठीत आणला तो याच काळाच्या आरंभी. अशा हवेत शंकर नाग मराठी नाटकांकडे ओढले गेले. अरुंधती राव या पुढे त्यांच्या सहधर्मचारिणी झालेल्या अभिनेत्रीही मुंबईच्या बहुभाषी रंगभूमीवर तयार झाल्या. चापेकर बंधूंनी रँडवर केलेल्या हल्ल्यावरील ‘२२ जून १८९७’ हा जयू व नचिकेत पटवर्धन यांचा मराठी चित्रपट १९७९ सालचा. त्याच्या पटकथेत शंकर नाग यांचा हात होता. तेव्हा मराठीचे ऋण त्यांच्यावर होते यात संशय नाही. परंतु ऋण असणे निराळे आणि मालकी असणे निराळे.

कलाटणी मिळाली ती कन्नडमध्ये. गिरीश कार्नाड यांच्या ‘ओंदानोंदु कालदल्लि’ (१९७८) या चित्रपटात त्यांनी गंडुगली या भाडोत्री योद्ध्याचे काम केले आणि १९७९ च्या भारतीय आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात त्यांस उत्कृष्ट अभिनयाचे रौप्यमयूर पारितोषिक लाभले. वय अवघे चोवीस. येथून पुढे बारा वर्षे हा मनुष्य कन्नड मुलखात राहिला, आणि त्या बारा वर्षांत त्याने जे उरकले ते पाहिले म्हणजे दम लागतो. सुमारे ऐंशी चित्रपटांत कामे, ‘मिंचिन ओट’ (१९८०) पासून दिग्दर्शन, स्वतःचे ध्वनिमुद्रणगृह, ‘संकेत’ ही नाटकमंडळी, आणि दूरदर्शनची मालिका. १९८० सालच्या ‘ऑटो राजा’ने त्यांस रिक्षावाल्यांचे दैवतच करून टाकले. ९ नोव्हेंबर हा दिवस आजही कर्नाटकातील चालक आपला दिवस म्हणून पाळतात, आणि बंगळुरात रिक्षांच्या पाठीवर व थांब्यांच्या फलकांवर त्यांचे चित्र आढळते.

टीकाकाराने येथे थोडे कठोर झाले पाहिजे. या ऐंशी चित्रपटांतील पुष्कळसे चित्रपट आज केवळ नायकासाठी पाहिले जातात. त्यांत कथा म्हणून काही उरत नाही. मारामारी, गाणे, सूड, पुन्हा मारामारी हा ठराविक साचा त्यांनी मोडला नाही. तो साचा वापरून पैसा उभा केला आणि तो आवडीच्या कामांत घातला. ‘ॲक्सिडेंट’ हा त्यांनी दिग्दर्शित केलेला सामाजिक चित्रपट राष्ट्रीय पारितोषिकास पात्र ठरला, तो या दुसऱ्या खात्यातला. असे दुहेरी हिशेब ठेवणारे कलावंत आपल्या रंगभूमीवरही कमी झाले नाहीत. या व्यवस्थेत पडद्यावरच्या नटाचे नुकसान होते, असे आमचे मत आहे. ‘ओंदानोंदु’मधील गंडुगलीच्या अभिनयात शरीराला विचाराची जोड आहे, पुढील अनेक भूमिकांत शरीर तेवढे धावते. घाई हा शंकर नाग यांचा गुण होता तसाच दोषही होता, आणि त्यांच्या भक्तांनी ही गोष्ट मान्य केली तर त्यांच्या कीर्तीस उणेपणा येणार नाही.

मग या घाईच्या माणसाने सर्वांत सावकाश अशी कलाकृती कशी निर्माण केली? आम्ही अर्थात ‘मालगुडी डेज’विषयी बोलत आहो.

दूरदर्शनच्या मालिकेचा उगम ध्यानी घेतल्यावाचून तिचे वेगळेपण समजणार नाही. लॅटिन अमेरिकेत कादंबरीवजा दैनिक मालिकांची परंपरा मोठी आहे. ब्राझीलची ‘टीव्ही ग्लोबो’ ही वाहिनी १९६५ साली सुरू झाली आणि अशा मालिकांवरच तिचा डोलारा उभा राहिला. १९७६ सालच्या ‘एस्क्रावा इझाउरा’ या गुलाम मुलीच्या कथेने तर देशोदेशी प्रवास केला. लुसेलिया सांतुस ही तिची नायिका चीनमध्येही घराघरांत ओळखीची झाली. या पद्धतीत नट महिनोन्‌महिने एकाच पात्राच्या नावाने लोकांच्या घरी वावरतो. शेवटी त्याचे स्वतःचे नाव पुसले जाते आणि पात्राचे तेवढे उरते. मेक्सिकोतील अशाच मालिकांचा कित्ता समोर ठेवून ७ जुलै १९८४ रोजी आपल्याकडे ‘हम लोग’ सुरू झाली. एकच वाहिनी, एकच वेळ आणि सारा देश समोर बसलेला, असा तो काळ होता.

शंकर नाग यांनी या वाटेने जाण्याचे नाकारले. १९८६ साली सुरू झालेल्या त्यांच्या मालिकेत आर. के. नारायण यांच्या कथा बहुधा एका बैठकीत संपतात. कोणाच्या घरात महिनोन्‌महिने भांडण पेटत राहत नाही. निर्माते टी. एस. नरसिंहन, रेखाचित्रे नारायणांचे बंधू आर. के. लक्ष्मण यांची, संगीत एल. वैद्यनाथन यांचे, कलादिग्दर्शन जॉन देवराज यांचे, आणि मालगुडी म्हणून निवडलेले गाव शिमोगा जिल्ह्यातील अगुंबे. ज्या गावाला नकाशात स्थान नाही, त्याला पावसाने भिजलेली कौले, दगडी पायऱ्या व चौकाचे घर मिळाले. स्वामी या मुलाचे काम मास्टर मंजुनाथने केले आणि त्याच्या वकील वडिलांचे गिरीश कार्नाड यांनी. १९७८ साली ज्यांनी शंकर नाग यांना उभे केले, तेच कार्नाड आठ वर्षांनी त्यांच्या दिग्दर्शनाखाली उभे राहिले, ही गोष्ट गुरु-शिष्य दोघांसही भूषणावह आहे. ‘मिठाईवाला’ जगन हे काम अनंत नाग यांचे.

या मालिकेचे मर्म दाखवण्यास आम्ही एकच कथा घेतो, कारण ती सरकारी नोकरांची कथा आहे. टपालवाला थनप्पा हा आपल्या आळीतील प्रत्येक घराची सुखदुःखे जाणणारा. रामानुजम यांच्या मुलीचे लग्न मोठ्या खटपटीने जुळले आहे. मुहूर्त टळला तर ते मोडणार. अशा वेळी सालेमहून आप्त अत्यवस्थ असल्याचे पत्र येते, व पाठोपाठ मृत्यूची तार. थनप्पा दोन्ही आपल्यापाशी दाबून ठेवतो. लग्न पार पडते. मग तो ते कागद रामानुजम यांच्या हाती देतो आणि माझ्यावर तक्रार करा, माझी नोकरी जाईल, असे सांगतो. रामानुजम तक्रार करीत नाहीत. मात्र तू असे करायला नको होते, एवढे म्हणतात.

आमच्या वाचकांपैकी बहुतेकांनी नियमपुस्तकाखाली आयुष्य घालवले आहे. त्यांस विचारून पाहावे : थनप्पा दोषी की निर्दोष? टपाल दडवणे हा गुन्हा होय, यात वाद नाही. एका मरणाऱ्या माणसास शेवटी भेटण्याचा हक्क त्याने परस्पर काढून घेतला, हेही खरे. पण त्याने तो स्वतःसाठी काढला नाही, आणि शिक्षेस मान पुढे केली. नारायण येथे निकाल देत नाहीत. शंकर नाग यांची थोरवी ही, की तेही देत नाहीत. चित्रपटात जो नट दर पंधरा मिनिटांनी न्याय करून दाखवीत असे, त्यानेच दूरदर्शनवर न्याय करण्याचे टाळले आणि माणसे तेवढी दाखवली. पडद्यावरच्या नायकाकडून जी संयमाची अपेक्षा आम्ही वर केली, ती दिग्दर्शकाने येथे पुरी केली आहे.

मालिकेत वैगुण्ये नाहीत असे नव्हे. दक्षिणेतील हे गाव हिंदी बोलते, आणि ती हिंदी कित्येक ठिकाणी पाठ केल्यासारखी वाटते. नारायणांच्या गद्यातील बारीक उपरोध चित्रात कोठे कोठे गोड होऊन जातो. पुस्तकातील मालगुडी इतके निर्मळ नाही. परंतु तुलनेसाठी ‘गाईड’ (१९६५) हा चित्रपट आठवावा. त्यातून आपले गाव हरवले, अशी नारायण यांची स्वतःची तक्रार होती व ती त्यांनी लिहूनही ठेवली आहे. शंकर नाग यांनी ते गाव पुन्हा जागेवर आणले.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. मराठीकडून त्यांनी काय नेले? आमच्या दृष्टीने याचे उत्तर ‘संकेत’च्या नाटकांत आहे. कार्नाडांच्या ‘अंजुमल्लिगे’ व ‘नागमंडल’ यांबरोबरच जयवंत दळवींची ‘बॅरिस्टर’ व ‘संध्याछाया’ ही नाटके या मंडळीने कन्नडमध्ये आणली. ‘संध्याछाया’त एक मुलगा अमेरिकेत, दुसरा वायुदलात, आणि घरी वाट पाहणारे नाना-नानी. दूर गेलेल्या मुलांच्या आईबापांचे हे नाटक आपल्यापैकी अनेकांनी पुण्यामुंबईस पाहिले असेल, आणि पाहताना आपल्या गावच्या घराची कडी वाजल्याचा भास झाला असेल. तेच नाटक कन्नड बोलू लागते, तेव्हा पहिल्या खुर्चीवरचा कन्नड प्रेक्षकही तसाच अस्वस्थ होतो. मराठीने शंकर नाग यांना जे दिले, ते त्यांनी अशा रीतीने परत केले : मराठीला नव्हे, तर शेजाऱ्याला. आमच्या समजुतीप्रमाणे ऋण फेडण्याची याहून उमदी रीत नाही.

३० सप्टेंबर १९९० रोजी दावणगेरेजवळ अनगोडू येथे मोटार अपघातात त्यांचा अंत झाला. वय पस्तीस. ‘जोकुमारस्वामी’च्या कामासाठी ते निघाले होते. त्याच अपघातात अरुंधती नाग गंभीर जखमी झाल्या. परंतु त्या उठल्या, रंगभूमीवर परतल्या, आणि २००४ साली बंगळुरातील जे. पी. नगर येथे त्यांनी ‘रंगशंकर’ हे नाट्यगृह उभे केले. तेथे प्रयोग ठरल्या वेळी सुरू होतो व उशिरा येणाऱ्यास आत घेत नाहीत. घाईने जगलेल्या माणसाचे स्मारक वेळेच्या शिस्तीने चालावे, यात एक औचित्य आहे. तेथे कन्नडखेरीज अन्य भाषांतील नाटकेही होतात. पतीच्या नावाचे घर त्यांनी एकाच भाषेचे केले नाही.

हे लिहीत असता आम्ही चामराजपेटेत आहो. १८९२ च्या सुमारास वसवलेली ही पेठ. शेजारीच तो किल्ला, ज्याच्याभोवतीचे बंगळूर १६३८ नंतर शहाजीराजांच्या जहागिरीत होते. याच पेठेत कन्नड साहित्य परिषदेचे घर आहे. येथून हाकेच्या अंतरावर, हनुमंतनगरात, शिवाजीराव गायकवाड हा मराठी घरचा मुलगा वाढला, बसमध्ये वाहक झाला आणि १९७५ साली तमिळ पडद्यावर जाऊन रजनीकांत म्हणून जगास माहीत झाला. धारवाडच्या द. रा. बेंद्रे यांच्या घरची भाषा मराठी, काव्याची कन्नड. गदगकडचे भीमसेन जोशी पुण्यास गेले आणि अभंग त्यांच्या गळ्यात राहावयास आले. या येण्याजाण्यात कोणाची भाषा उणी झाली, हे कोणी दाखवून द्यावे!

बदलीवर आलेला मनुष्य बहुधा दोनच गोष्टी जाणतो : आपण येथे पाहुणे आहो, किंवा हे गाव एके काळी आपलेच होते. पहिलीत आळस आहे, दुसरीत अहंकार. शंकर नाग यांनी तिसरी रीत दाखवली. ज्या गावी गेलो तेथील भाषेत काम करावे, बरोबर आणलेले उत्तम ते त्या भाषेच्या हाती द्यावे, आणि हिशेब मागू नये. निवृत्तीनंतर पुण्यास वा नागपुरास परतण्याचा बेत प्रत्येकाच्या मनात असतो, तो असावाही. परंतु परतताना, येथे तीस वर्षे काढूनही कन्नडमधले एखादे नाटक आपण पाहिले नाही, एखादे मराठी पुस्तक शेजाऱ्यास समजावून सांगितले नाही, असे कोणावर म्हणण्याची पाळी येऊ नये. रिक्षाच्या पाठीवर ते चित्र पुन्हा दिसेल तेव्हा ‘हा आपला की त्यांचा’ हा प्रश्न बाजूस ठेवून, आपण येथे कोणाचे झालो, एवढा एक प्रश्न ज्याने त्याने स्वतःस विचारावा.